कोट्याबाहेर किंवा मुदत संपल्यावर आलेला परदेशी वाटाणा कस्टम्स जप्त का करतं, मागची हकीकत

ही गोष्ट खरं तर 2015 पासूनची आहे. पावसाने दगा दिला, तूरडाळ 200 रुपये किलोच्या घरात गेली, मग सरकारने बाहेरून डाळ आणायचा सपाटा लावला आणि इकडे शेतकऱ्यालाही सांगितलं तूर लाव. त्याने लावली. 2016-17 ला देशात कडधान्य 230 लाख टनांच्या आसपास पिकलं. तुरीचा हमीभाव बोनस धरून क्विंटलला 5050 आणि मराठवाडा-विदर्भात तूर चार हजाराच्या आत विकावी लागली, खरेदी केंद्रावर बारदाना नाही म्हणून मापं बंद, ट्रॅक्टर रांगेत उभे. हे ज्यांनी भोगलंय त्यांना पुढची बंधनं का आली ते वेगळं सांगायला नको.

2017 ला तुरीवर कोटा, म्हणजे वर्षाला ठरावीक टनांपर्यंतच आयात, पिवळ्या वाटाण्यावर 50 टक्के आयात ड्युटी, 2018 ला वाटाण्यालाही कोटा. वाटाणा यासाठी की तो स्वस्त, बेसनात मिसळला जातो आणि हरभऱ्याचा भाव पाडतो. मग 29 मार्च 2019 चं नोटिफिकेशन, वर्षाला वाटाणा फक्त दीड लाख टन. काही आयातदार कोर्टात गेले, राजस्थान हायकोर्टातून अंतरिम आदेश घेतला आणि त्या जोरावर माल मुंबईत उतरवला.

26 ऑगस्ट 2020 ला सुप्रीम कोर्टाने नोटिफिकेशन वैध ठरवलं, म्हणजे तो माल कस्टम्स कायद्याच्या कलम 111(डी) मध्ये, मनाई असताना आणलेला माल जप्त करायच्या कलमात, बसला. तरी आधी दंड भरून सोडायची ऑर्डर निघाली, अपिलात कस्टम्स कमिशनरने पूर्ण जप्ती केली, मुंबई हायकोर्टाने परत सोडायला सांगितलं. शेवटी 17 जून 2021 ला सुप्रीम कोर्ट म्हणालं, जप्तीच, फार तर दंड भरून माल परत देशाबाहेर न्या, इथल्या बाजारात नाही. माझ्या मते हे बरोबरच झालं, कारण दंड भरून माल सुटणार असेल तर तो दंड भावात धरूनच लोक माल आणतील आणि कोट्याला काही अर्थच राहणार नाही.

पण सरकारचीही चूक आहेच की. त्याच 2021 च्या मे महिन्यात तूर, मूग, उडीद आयातीला खुले केले, 31 ऑक्टोबरपर्यंतचं बिल ऑफ लेडिंग हवं आणि 30 नोव्हेंबरनंतर कस्टम्स माल सोडणार नाही अशी अट. बिल ऑफ लेडिंग म्हणजे जहाजात माल चढल्याची पावती, सगळा खेळ त्यावरच्या तारखेचा, एक दिवस उशीर झाला तरी धोरण बदललेलं असतं. मुगाची मुदत तर मार्च 2022 पर्यंत वाढवली आणि 11 फेब्रुवारीलाच परत बंधन घातलं, मग व्यापाऱ्याने सौदा कशाच्या भरवशावर करायचा आणि शेतकऱ्याने पेरायचं तरी काय? डिसेंबर 2023 ला वाटाणा पुन्हा मोकळा, ड्युटी शून्य, तेही मार्च 2024 पर्यंत म्हणून, आणि मग मुदतवाढीवर मुदतवाढ, तिकडे हरभरेवाला ओरडतोय. 30 टक्के ड्युटी लागायला 1 नोव्हेंबर 2025 उजाडला.