जुना गेम परत आणणं वेगळं, जुन्या वळणाचा नवा गेम करणं वेगळं

कोणत्याही गेम स्टोअरवर ‘रेट्रो आर्केड’ असं शोधलं की दोन जातींचा माल एकाच फळीवर मांडलेला दिसतो. एक म्हणजे १९८० च्या आसपासचा, नाणं टाकून खेळायच्या मशीनवरचा खरा आर्केड गेम, आजच्या कन्सोलवर किंवा फोनवर चालेल असा केलेला. दुसरा म्हणजे एखाद्या चार-सहा जणांच्या कंपनीने अलीकडे लिहिलेला, पण त्या काळच्या गेमवरून सुचलेला. चित्रं दोन्हींत ठोकळेबाज, आवाज दोन्हींत पीप-पीप, वर्णनात ‘क्लासिक’ हा शब्द दोन्हीकडे. त्यामुळे अनेक जण एक समजून दुसरा विकत घेतात आणि मग वैतागतात. कुणाला जुना गेम फारच उघडाबोडका वाटतो, तर कुणाला नवा ‘नकली’ वाटतो.

दोन्हींमागचं काम मात्र पार वेगळं आहे. पहिल्यात जुन्या यंत्राशी इमान राखायचं असतं, त्याच्या खोडींसकट. दुसऱ्यात त्या यंत्रासमोर उभं राहिल्यावर जे वाटायचं त्याच्याशी इमान राखायचं असतं, आणि त्यासाठी कित्येकदा यंत्राशी बेइमानी करावी लागते.

पहिल्या प्रकारात बहुतेक वेळा एम्युलेटर असतो. मूळ कॅबिनेटमधल्या, म्हणजे त्या मशीनच्या पेटीतल्या, चिपवर साठवलेला प्रोग्राम जसाच्या तसा उतरवून घेतात आणि ते जुनं हार्डवेअर सॉफ्टवेअरमध्ये उभं करून त्यावर तो चालवतात. १९९७ साली आलेल्या ‘मेम’ या प्रकल्पाने हे काम मोठ्या प्रमाणावर सुरू केलं. आज ‘हॅमस्टर’सारख्या कंपन्या रीतसर परवाने घेऊन हेच विकतात. इथे गेमचा एकही नियम कुणी नव्याने लिहीत नाही. लिहिला, तर काम बिघडलं असंच म्हणायचं.

याचा अर्थ ‘स्पेस इन्व्हेडर्स’मध्ये नीट दिसतो. १९७८ चा, तैतो कंपनीचा, तोमोहिरो निशिकादो यांनी केलेला गेम. पडद्यावर ११ च्या ५ रांगा, म्हणजे ५५ परग्रहवासी. प्रोग्राम दर फ्रेमला, म्हणजे पडद्यावरच्या दर नव्या चित्राला, त्यांतला फक्त एक हलवतो. पडदा सेकंदाला साधारण ६० वेळा ताजा होतो, म्हणजे सगळी फौज एक पाऊल पुढे सरकायला जवळपास एक सेकंद लागतो. तुम्ही त्यांना टिपत गेलात की हलवायचे उरतात कमी, आणि फौजेचं पाऊल आपोआप झपाट्याने पडू लागतं. शेवटचा एकटा उरला की तो प्रत्येक फ्रेमला हलतो, अक्षरशः पळत सुटतो. छातीत धडधड वाढवणारी ही गोष्ट मुळात त्या प्रोसेसरच्या मर्यादेतून आली. निशिकादोंनी ती पाहिली आणि तशीच ठेवली.

एम्युलेटरवर हा वेग फुकटात मिळतो, कारण चालतो तोच प्रोग्राम. आता एखादी छोटी कंपनी आज असाच गेम लिहायला बसली असं समजा. तिच्या हाताशी असलेली चिप ५५ काय, हजारो परग्रहवासी एका फ्रेममध्ये हलवून मोकळी होते. वेग वाढणार नाही, कमीही होणार नाही. धडधड हवी असेल तर ती विचार करून, आकडे बसवून, शेकडो वेळा खेळून पाहून घालावी लागते. जुन्या गेममध्ये जो योगायोग होता, तो नव्यात निर्णय होतो. दुसऱ्या प्रकारची सगळी मेहनत इथे आहे, आणि स्क्रीनशॉटमध्ये नेमकी तीच दिसत नाही.

चुकांच्या बाबतीत हा फरक आणखी मजेशीर होतो. ‘पॅक-मॅन’ (१९८०) हा चक्रव्यूहात भुतांना चुकवत ठिपके खाण्याचा गेम. त्यात लेव्हलचा आकडा एका बाइटमध्ये साठवलेला आहे, आणि बाइटमध्ये मावणारा सर्वांत मोठा आकडा २५५. कुणी २५६ व्या लेव्हलपर्यंत पोचलाच, तर खाली फळांची चित्रं काढणारा कोडचा तुकडा गोंधळतो, नको तितकी चित्रं काढत सुटतो आणि पडद्याच्या उजव्या अर्ध्या भागात अक्षरं-आकड्यांचा नुसता कचरा होतो. त्या अर्ध्यात पुरेसे ठिपकेच उरत नाहीत, म्हणून लेव्हल पूर्ण करता येत नाही. गेम तिथेच संपतो. जुना ‘पॅक-मॅन’ परत आणणाऱ्याने ही चूक दुरुस्त करायची का? माझ्या मते अजिबात नाही. ती काढली तर तो वेगळा गेम झाला.

२०१५ साली ‘हिप्स्टर व्हेल’ या ऑस्ट्रेलियातल्या छोट्या कंपनीने बंदाई नामकोसाठी ‘पॅक-मॅन २५६’ केला. त्यात चक्रव्यूहाला शेवट नाही, आणि तो कचरा खालून वर सरकत तुमच्या मागे लागतो. थांबलात की गिळलं. सलग २५६ ठिपके खाल्ले तर स्फोट होऊन पडद्यावरची भुतं साफ. जुन्या गेमची चूक हा नव्या गेमचा खलनायक झाला. मूळ गेमवर इतकं प्रेम, आणि त्याच्या नियमांची इतकी मोडतोड! दुसऱ्या प्रकाराचा नमुना म्हणून मी तरी हाच दाखवीन.

याच कंपनीचा आधीचा गेम ‘क्रॉसी रोड’ (२०१४). रस्ता ओलांडणारी कोंबडी पाहिली की ‘फ्रॉगर’ (१९८१) आठवतोच. ‘फ्रॉगर’मध्ये बेडकांना रस्ता ओलांडून नेऊन वरच्या बाजूला पाच घरं भरायची असतात आणि खाली वेळेची पट्टी आटत जाते. ‘क्रॉसी रोड’ने घरंही काढली आणि पट्टीही. रस्ता संपतच नाही. मात्र रेंगाळलात तर वरून गरुड येतो आणि उचलून नेतो. ‘थांबू नकोस’ हा दबाव तसाच राहिला, तो सांगण्याची तऱ्हा बदलली. घड्याळाकडे बघायला नजर खाली न्यावी लागायची, आता तेही नाही. फोनच्या लहान पडद्यावर, एका अंगठ्याने खेळणाऱ्यासाठी हे किती नेमकं आहे बघा.

नाण्याचा प्रश्न दोन्ही प्रकारांना छळतो. आर्केडमधला गेम अवघड असायचा, कारण दोन-तीन मिनिटांत खेळणारा बाद झाला नाही तर पुढचं नाणं पडत नसे. मशीनमालकाचं गणित थेट गेमच्या काठिण्यात उतरलेलं होतं. घरी आणलेल्या जुन्या गेममध्ये नाणं म्हणजे एक बटण. दाबत राहा, क्रेडिट (खेळायच्या संधी) वाढत राहतं. मग काय, मेलात की बटण, पुन्हा मेलात की बटण, आणि अर्ध्या तासात शेवट पाहून कंटाळा. गेममध्ये काहीच बदललेलं नसतं, पण त्यातला जीव गेलेला असतो. ‘हॅमस्टर’च्या ‘आर्केड आर्काइव्ह्ज’ मालिकेने मूळ गेमला हात न लावता यावर तोडगा काढला: एक मोड फक्त एका क्रेडिटचा, दुसरा पाच मिनिटांत जास्तीत जास्त स्कोअर करण्याचा, आणि दोन्हींचे निकाल ऑनलाइन यादीत. नव्या गेमला तर नाण्याचं ओझंच नाही. म्हणून तिथे तीन लाइफ, कंटिन्यू, क्रेडिट असला सरंजाम केवळ सवयीने ठेवलेला दिसला की मला शंका येते, करणाऱ्याने कवटी उचलली आणि मेंदू विसरला.

हीच गोष्ट दिसण्याची. आडव्या काळ्या रेघा, मुद्दाम जाडे केलेले पिक्सेल, कडा वाकवलेला पडदा हे सगळं आज कुणीही दुपारभरात चिकटवू शकतं. खरं काम दुसरीकडेच असतं. बिझार क्रिएशन्सचा ‘जॉमेट्री वॉर्स’ आठवा. आधी २००३ मध्ये एका रेसिंग गेमच्या पोटात लपवलेली गंमत, मग २००५ मध्ये एक्सबॉक्स ३६० वर स्वतंत्र. एका स्टिकने पळा, दुसऱ्याने गोळ्या झाडा, ही कल्पना १९८२ च्या ‘रोबोट्रॉन : २०८४’ची. पण ‘रोबोट्रॉन’मध्ये आठच दिशा होत्या, इथे अ‍ॅनालॉग स्टिकमुळे कुठल्याही कोनात गोळी जाते. मग शत्रूंची संख्या, त्यांचे घोळके, पडद्याचा आकार, सगळंच त्या मानाने नव्याने बेतावं लागलं.

याची उलटी बाजू ‘टेम्पेस्ट’मध्ये आहे. अटारी कंपनीच्या १९८१ च्या त्या कॅबिनेटवर गोल फिरवायची गुंडी होती. एम्युलेटर प्रोग्राम आणेल, चित्र आणेल, पण ती गुंडी आणू शकत नाही. साध्या कंट्रोलरवर तो गेम लंगडतो. जुना गेम परत आणणाऱ्यांचे हात इथे बांधलेले असतात.

आता सीमारेषेवरची माणसं. वेल्समधली ‘लामासॉफ्ट’ ही जेफ मिंटर यांची चिमुकली कंपनी. मिंटर यांनी १९९४ मध्ये अटारीच्या जॅग्वार कन्सोलसाठी परवान्यासह ‘टेम्पेस्ट २०००’ केला होता. पुढे २०१४ मध्ये त्यांनी ‘टीएक्सके’ काढला, नाव वेगळं, वळण तेच. त्यावर अटारीने हरकत घेतली आणि तो दुसऱ्या यंत्रांवर नेणं अडलं. शेवटी २०१८ मध्ये त्याच मिंटर यांचा ‘टेम्पेस्ट ४०००’ आला, अटारीचंच नाव घेऊन.

‘वरून सुचलेला’ आणि ‘उचललेला’ यांतली रेघ कुठे, हे अमेरिकेतल्या दोन निकालांवरून थोडं कळतं. १९८१ मध्ये ‘अ‍ॅस्टेरॉइड्स’सारख्या ‘मीटिअर्स’ या गेमविरुद्ध अटारी कोर्टात गेली. न्यायालयाने २२ साम्यं मोजली आणि तरी अटारी हरली: उल्का फोडणारं यान म्हटलं की यातलं बहुतेक येणारच, आणि कल्पनेवर कुणाची मालकी नसते. २०१२ मध्ये ‘टेट्रिस’च्या बाबतीत उलट झालं. ‘मिनो’ हा तसाच गेम करणाऱ्यांचं म्हणणं होतं की आम्ही फक्त नियम घेतले. कोर्टाला मात्र तुकड्यांची रूपं, पटाची मापं, सारी मांडणीच उतरवलेली दिसली. अशी नक्कल ही तिसरीच जात, पण स्टोअरवर ती दुसरीचाच मुखवटा लावून बसते.

धंदा म्हणून दुसरी वाट जास्त अवघड आहे, असं माझं मत. परत आणलेल्या गेमला नाव आयतं मिळतं. नव्याला स्वतःचं नाव कमवावं लागतं, तेही ‘हे तर जुनंच दिसतंय’ म्हणणाऱ्यांसमोर. फिनलंडच्या ‘हाउसमार्क’ने २०१७ मध्ये ‘नेक्स मशिना’ केला, तोही ‘रोबोट्रॉन’वाल्या युजीन जार्विस यांना सोबत घेऊन. खेळणाऱ्यांनी डोक्यावर घेतला, पण विक्री बेताची. त्याच वर्षी कंपनीने ‘आर्केड मेलं’ असं जाहीर करून वाट बदलली.

विकत घेण्याआधी ओळखायचं असेल तर स्क्रीनशॉट सोडा आणि माहितीचं पान बघा. मूळ वर्ष, मूळ कंपनीचा कॉपीराइट आणि ‘डिप स्विच’सारख्या (मूळ मशीनमधल्या काठिण्य वगैरे ठरवणाऱ्या छोट्या बटणांच्या) सेटिंग्ज दिसल्या तर तो बहुधा जुनाच गेम आहे. मग खोडींची तक्रार करू नका, त्यासाठीच पैसे मोजताय. यातलं काही नसेल तर चालू खेळाचा व्हिडिओ लावा आणि खेळणारा मेल्यावर पुन्हा सुरू व्हायला किती वेळ लागतो ते पाहा. नव्या आर्केड गेममध्ये तो क्षणभराच्या वर गेला, लोगो आणि मेनू आडवे आले, तर पुढचा गेम शोधा.