प्रकाशजादूगारांचा संघ : कल्पनेमागचा इतिहास

पांढरे झगे, जखमा भरून काढणारा उजेड, स्मशानातून उठलेल्यांना पळवून लावणारा मंत्र, आणि ही विद्या शिकवणारी एक कडक शिस्तीची संस्था. काल्पनिक कथांत आणि खेळांत प्रकाशजादूगारांचा संघ इतक्यांदा भेटतो की तो आला कुठून, हे विचारायचं राहूनच जातं. त्याचे तुकडे फार लांबलांबचे आहेत आणि ते जुळले अगदी अलीकडे. त्यातला 'संघ' हा तुकडा मला सर्वांत मोलाचा वाटतो, पण सुरुवात 'जादूगार' या शब्दापासून करायला हवी.

इंग्रजीतले 'मेज' आणि 'मॅजिक' हे शब्द ग्रीक 'मागोस'वरून आले. ग्रीकांनी तो शब्द उचलला प्राचीन इराणमधून. तिथे 'मगू' म्हणजे पुरोहित. इ.स.पू. ५२२ मध्ये इराणची गादी बळकावणारा गौमात हा मगू होता, असं तिथल्या सम्राटाने, पहिल्या दारयवहूने, इराणमधल्या बेहिस्तूनच्या कड्यावर कोरून ठेवलं आहे. ग्रीकांना या परक्या पुरोहितांचे विधी गूढ वाटले आणि हळूहळू त्या शब्दाला जादूटोण्याचा वास लागला.

याच शब्दाची दुसरी वाट आपल्याकडे येते, आणि तिची आठवण फारशी कुणी काढत नाही याची मला खंत वाटते. सहाव्या शतकात वराहमिहिराने 'बृहत्संहिते'त सांगून ठेवलं आहे की विष्णूची प्रतिष्ठापना भागवतांनी करावी आणि सूर्याची मगांनी. हे मग ब्राह्मण पुराणांत सांगितलेल्या शाकद्वीप या प्रदेशातले. कृष्णपुत्र सांबाने सूर्यपूजेसाठी त्यांना आणलं, अशी कथा भविष्यपुराणात आहे. अभ्यासक त्यांचा संबंध इराणच्या मगूंशी जोडतात. पश्चिमेला गेलेला शब्द जादूगार झाला, पूर्वेला आलेला सूर्याचा पुजारीच राहिला. प्रकाशजादूगार ही जोडी जुळण्याआधी कितीतरी शतकं तिचे दोन्ही अर्थ एकाच शब्दाच्या पोटात होते.

उजेड म्हणजे चांगलं आणि अंधार म्हणजे वाईट, ही विभागणी कोणत्याही एका संस्कृतीची मालमत्ता नाही. पण तिची सर्वांत रेखीव मांडणी केली ती इ.स. २१६ मध्ये जन्मलेल्या मानी या धर्मसंस्थापकाने. त्याच्या शिकवणीत प्रकाश हा नुसता गुण नव्हे, ते एक द्रव्य आहे. त्याचे कण जड सृष्टीत अडकून पडले आहेत आणि साधकाने ते सोडवायचे आहेत. प्रकाश साठवणारे, ओतणारे, वाटून घेणारे जादूगार वाचताना मला मानीच आठवतो. पुढे बाराव्या शतकात सुहरावर्दी या इराणी तत्त्वज्ञाने सगळं अस्तित्वच प्रकाशाच्या चढत्या पायऱ्यांनी मांडलं. त्याच्या शिखरावर 'प्रकाशांचा प्रकाश' होता. सुलतान सलाहुद्दीनच्या हुकुमावरून ११९१ मध्ये त्याला सीरियातल्या अलेप्पोत मृत्युदंड देण्यात आला. प्रकाशाची विद्या सांगणाऱ्याला सत्ता घाबरते, हे कथांतलं नेहमीचं सूत्र असं प्रत्यक्षात घडून गेलेलं आहे.

आता संघ. आपल्या जुन्या भाषेत याला 'श्रेणी' म्हणत. मध्य प्रदेशातल्या मंदसोरच्या शिलालेखात लाट देशातून, म्हणजे दक्षिण गुजरातमधून, आलेल्या रेशीम विणकरांच्या श्रेणीने सूर्यमंदिर बांधल्याची नोंद आहे. मंदिर पाचव्या शतकाच्या पूर्वार्धातलं, आणि इ.स. ४७३ च्या सुमारास त्याच श्रेणीने त्याचा जीर्णोद्धार केला. कारागिरांचा संघ आणि सूर्य एकाच दगडावर यावेत, याहून सुंदर पुरावा मला माहीत नाही.

कथांतले संघ मात्र मुख्यतः युरोपातल्या व्यवसायसंघांवर बेतलेले असतात. आधी उमेदवारी, मग रोजावर काम, शेवटी उस्तादाचा दर्जा. १५६३ च्या कायद्याने इंग्लंडमध्ये उमेदवारी किमान सात वर्षांची ठरवली. आणि तिथे उजेडाचेही संघ खरोखर होते! लंडनमध्ये चरबीच्या मेणबत्त्या करणाऱ्यांच्या संघाला १४६२ मध्ये सनद मिळाली, मेणाच्या मेणबत्त्या करणाऱ्यांच्या संघाला १४८४ मध्ये. दोन वेगळे संघ, कारण दोन वेगळे उजेड. मधमाशांचं मेण स्वच्छ जळतं, त्याला वास चांगला असतो. ते महाग होतं आणि चर्चमध्ये त्याचा मोठा खप होता. चरबी धूर सोडते, तिला दर्प येतो, पण ती साध्या घरांना परवडायची. मेणात चरबीची भेसळ करणं हा सरळसरळ गुन्हा. चष्मे करणाऱ्यांच्या संघाला सनद मिळाली १६२९ मध्ये. त्याच्या कितीतरी आधी, १३०० च्या सुमारास, व्हेनिसमधल्या स्फटिक कारागिरांच्या संघाने साधी काच स्फटिक म्हणून खपवायला बंदी घातली होती. उजेड कोणाच्या वाट्याला कोणता, त्यात भेसळ कोण करतं, ती पकडायची कोणी, हे प्रश्न कोणत्याही मंत्रापेक्षा जास्त गोष्टी जन्माला घालू शकतात. पुष्कळ लेखक त्यांना हातही लावत नाहीत, याचं मला वाईट वाटतं.

प्रत्यक्षातल्या जादूगारसंघाच्या सर्वांत जवळ जाणारी संस्था नेपल्समध्ये होती. जामबातिस्ता देल्ला पोर्ता या इटालियन विद्वानाने १५६० च्या सुमारास ती स्थापन केली. निसर्गाचं एखादं नवं रहस्य उलगडून दाखवलं तरच तिथे प्रवेश मिळायचा. त्याच देल्ला पोर्ताने 'नैसर्गिक जादू' या आपल्या ग्रंथात अंधाऱ्या खोलीच्या छिद्रातून भिंतीवर बाहेरचं उलटं दृश्य कसं उमटतं ते सांगितलं, आणि १५८९ च्या आवृत्तीत त्या छिद्रात भिंग बसवायला सुचवलं. धर्मन्यायालयाने त्याची चौकशी केली आणि संस्था बंद पडली.

खेळांत हे धागे एकत्र आले ते विसाव्या शतकाच्या शेवटी. १९७४ मध्ये निघालेल्या 'डन्जन्स अँड ड्रॅगन्स' या भूमिका घेऊन खेळायच्या खेळामध्ये उजेड पाडण्याचा मंत्र जादूगाराकडेही होता आणि धर्मोपदेशकाकडेही. जखमा भरण्याची शक्ती मात्र एकट्या धर्मोपदेशकाची. १९८७ मध्ये जपानमध्ये आलेल्या 'फायनल फँटसी' या व्हिडिओ गेमने ती शक्ती 'पांढऱ्या जादूगारा'ला दिली. त्याचे मंत्र दुकानात विकत मिळत. देवाची कृपा लागत नव्हती, पैसे आणि पात्रता लागत होती. आणि जी विद्या शिकता येते, विकत घेता येते, तिचा संघ उभा राहू शकतो.