क्वांटासची दुप्पट स्टेटस क्रेडिटची ऑफर: पात्रता, नोंदणीचा क्रम आणि जवळ ठेवायची कागदपत्रे

क्वांटास या ऑस्ट्रेलियन विमान कंपनीची ‘फ्रीक्वेंट फ्लायर’ योजना १९८७ सालापासून चालू आहे. या योजनेत सभासदाच्या खात्यावर दोन निरनिराळ्या गोष्टी जमा होतात आणि बहुतेक गोंधळ या दोहोंची गल्लत झाल्यानेच होतो. पहिली गोष्ट म्हणजे पॉइंट्स. ते विमानप्रवासातून मिळतात, क्रेडिट कार्डावरच्या खर्चातून मिळतात, किराणा खरेदीतूनही मिळतात आणि ते देऊन पुढे तिकीट काढता येते. दुसरी गोष्ट म्हणजे स्टेटस क्रेडिट. ती खर्च करता येत नाहीत. सभासदाचा दर्जा, म्हणजे लाउंज किंवा चेक-इनची वेगळी रांग असे लाभ देणारी पायरी, ठरवणे एवढेच त्यांचे काम असते. जवळच्या नातलगाच्या खात्यात पॉइंट्स वळवता येतात, त्यासाठी एका वेळी किमान ५,००० पॉइंट्स वळवावे लागतात. स्टेटस क्रेडिट मात्र ज्याने प्रवास केला त्याच्याच नावावर राहतात, मग तिकिटाचे पैसे नोकरीच्या कंपनीने भरलेले असोत की मुलाने.

हा फरक आधी सांगण्याचे कारण असे की, ‘बोनस’ हा शब्द दोन्ही प्रकारच्या ऑफरना वापरला जातो. बोनस पॉइंट्सच्या ऑफरने खात्यातला आकडा फुगतो, पण दर्जा एका पायरीनेही वर सरकत नाही. ज्यांना दर्जा लवकर हवा आहे त्यांनी दुप्पट स्टेटस क्रेडिटच्या ऑफरचीच, म्हणजे ठरावीक मुदतीत काढलेल्या तिकिटावर नेहमीच्या दुप्पट क्रेडिट देणाऱ्या ऑफरचीच, वाट पाहावी. काही वेळा सभासदाला दुप्पट पॉइंट्स किंवा दुप्पट स्टेटस क्रेडिट यांपैकी एक निवडण्यास सांगितले जाते. अशा वेळी निवड करताना घाई करू नये, कारण ती नंतर बदलून मिळेल असे गृहीत धरता येत नाही.

दर्जाची उतरंड अशी आहे. नवा सभासद ब्रॉन्झ असतो. एका सभासद-वर्षात ३०० स्टेटस क्रेडिट झाली की सिल्व्हर, ७०० झाली की गोल्ड आणि १,४०० झाली की प्लॅटिनम दर्जा मिळतो. मिळालेला दर्जा पुढच्या वर्षी टिकवण्यासाठी थोडी कमी, म्हणजे अनुक्रमे २५०, ६०० आणि १,२०० क्रेडिट पुरतात. त्याच्याही वर ३,६०० क्रेडिटचा प्लॅटिनम वन आहे, पण तो सतत कामानिमित्त फिरणाऱ्यांचा प्रांत असल्यामुळे येथे त्याचा विचार केलेला नाही. क्रेडिटखेरीज आणखी एक अट आहे आणि ती हमखास नजरेतून सुटते. त्याच सभासद-वर्षात क्वांटास किंवा तिची स्वस्त सेवा जेटस्टार यांची किमान चार पात्र उड्डाणे स्वतः केलेली असावी लागतात. क्रेडिट पुरेशी असूनही उड्डाणे तीनच झाली असतील तर दर्जा मिळत नाही.

सभासद-वर्ष म्हणजे जानेवारी ते डिसेंबर नव्हे. ज्या महिन्यात सभासदत्व घेतले त्या महिन्याच्या पहिल्या तारखेपासून ते सुरू होते. मार्चमध्ये सभासद झालेल्याचे वर्ष १ मार्चला सुरू होऊन फेब्रुवारीअखेर संपते. क्रेडिटची नोंद प्रवासाच्या तारखेनुसार होते, तिकीट कधी काढले यानुसार नाही. त्यामुळे या सभासदाने ऑफरमध्ये जानेवारीत तिकीट काढून ३ मार्चला प्रवास केला, तर दुप्पट झालेली सगळी क्रेडिट नव्या वर्षाच्या खात्यात जातात आणि जुन्या वर्षात हव्या असलेल्या ४० क्रेडिटची तूट तशीच राहते. आपले वर्ष कोणत्या तारखेला संपते हे खात्यात लॉगिन केल्यावर दिसते. तिकिटाच्या तारखा निवडण्याआधी ती तारीख कागदावर लिहून समोर ठेवावी, हे माझे आग्रहाचे सांगणे आहे.

ऑफरसाठी पात्र होण्यास सभासदत्व आधी असावे लागते. ऑस्ट्रेलियात सभासद होण्याचे शुल्क ९९.५० डॉलर असले, तरी ते माफ करणाऱ्या योजना बऱ्याचदा चालू असतात. त्यामुळे पूर्ण शुल्क भरण्यापूर्वी थोडी चौकशी करणे योग्य ठरते. त्यानंतरचा क्रम मात्र ठरलेला आहे: आधी ऑफरसाठी नोंदणी, मग ऑफरच्या मुदतीत तिकीट आणि शेवटी ऑफरमध्ये दिलेल्या तारखांच्या आत प्रवास. नोंदणीसाठी वेगळा अर्ज भरावा लागत नाही. खात्यात लॉगिन करून ऑफरच्या पानावरील नोंदणीचे बटण दाबायचे असते आणि नोंदणी झाल्याचा संदेश पाहायचा असतो. काम एका मिनिटाचे आहे, पण ते तिकिटाच्या आधी झाले पाहिजे.

या एका मिनिटाची किंमत मी स्वतः मोजलेली आहे. काही वर्षांपूर्वी दुसऱ्याच एका विमान कंपनीच्या अशाच ऑफरमध्ये, स्वस्त तिकीट हातचे जाऊ नये म्हणून मी आधी तिकीट काढले आणि मग नोंदणी केली. तिकिटाचा ईमेल रात्री ९ वाजून ४० मिनिटांनी आलेला होता आणि नोंदणीचा ९ वाजून ५२ मिनिटांनी. दोन्ही ईमेल जोडून मी विनंती केली, तेव्हा नियमात ‘तिकिटापूर्वी नोंदणी’ असे शब्द असल्याचे मला कळवण्यात आले आणि जादा क्रेडिट मिळाली नाहीत. तेव्हापासून नोंदणीचा संदेश पडद्यावर येताच तारीख आणि वेळ दिसेल असा त्याचा स्क्रीनशॉट मी घेतो आणि त्यानंतरच तिकिटाकडे वळतो. कुटुंबाने एकत्र तिकिटे काढायची असतील तर प्रत्येक सभासदाने आपापल्या खात्यातून स्वतंत्र नोंदणी करून घ्यावी. एकाची नोंदणी सर्वांना लागू होईल या भरवशावर राहू नये.

आता कोणती तिकिटे मोजली जातात ते पाहू. ऑफर जाहीर होण्याआधी काढलेली तिकिटे सहसा चालत नाहीत. पॉइंट्स देऊन घेतलेली बक्षीस तिकिटेही सहसा धरली जात नाहीत. मुदत संपल्यावर तिकिटाची तारीख किंवा मार्ग बदलला तर जादा क्रेडिटचा हक्क जाऊ शकतो. म्हणून ज्या प्रवासाची तारीख पक्की नाही, त्यासाठी ऑफरच्या मोहाने तिकीट काढू नये. जेटस्टार ही क्वांटासचीच स्वस्त सेवा असली तरी तिच्या सर्वांत स्वस्त ‘स्टार्टर’ भाड्यावर, वर काही पॅकेज घेतल्याशिवाय, साधी क्रेडिटसुद्धा मिळत नाहीत.

सर्वांत जास्त गफलत उड्डाण क्रमांकावरून होते. तिकिटावर ‘क्यूएफ’ या क्वांटासच्या खुणेने सुरू होणारा क्रमांक असणे आणि विमान प्रत्यक्षात क्वांटासचे असणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. भागीदार कंपनीच्या विमानालाही क्यूएफ क्रमांक दिलेला असू शकतो. दुप्पट क्रेडिटच्या ऑफरमध्ये साधारणपणे क्रमांकही क्वांटासचा आणि विमानही क्वांटासचेच, अशी दुहेरी अट असते. तिकीट काढताना उड्डाणाच्या तपशिलाखाली विमान कोण चालवणार आहे ते बारीक अक्षरात लिहिलेले असते. ती ओळ वाचल्याशिवाय पैसे भरू नयेत.

मेलबर्न, सिडनी, पर्थ येथून मुंबई-पुण्याला जाणाऱ्या मराठी कुटुंबांच्या दृष्टीने ही अट फार महत्त्वाची आहे. क्वांटासने सप्टेंबर २०२२ मध्ये सिडनी ते बंगळुरू ही थेट सेवा सुरू केली, पण मुंबईला तिचे स्वतःचे विमान येत नाही. क्वालालंपूरमार्गे मलेशिया एअरलाइन्सने, हाँगकाँगमार्गे कॅथे पॅसिफिकने किंवा दोहामार्गे कतार एअरवेजने मुंबईला आले, तर या तिन्ही कंपन्या क्वांटासप्रमाणेच वनवर्ल्ड या विमान कंपन्यांच्या गटातल्या असल्यामुळे पात्र भाड्यावर नेहमीची स्टेटस क्रेडिट मिळतात. ती दुप्पट होतील असे मात्र धरून चालू नये. सिंगापूर एअरलाइन्स दुसऱ्या गटातली असल्यामुळे त्या मार्गाने आल्यास क्वांटासच्या दर्जाच्या दृष्टीने हाती काहीच लागत नाही. माझ्या मते भारताच्या फेरीसाठी सोयीचा आणि परवडणारा मार्ग निवडावा आणि दुप्पट क्रेडिटचा हिशेब ऑस्ट्रेलियातल्या देशांतर्गत प्रवासावर बसवावा.

तो हिशेब कसा बसतो ते एका उदाहरणावरून स्पष्ट होईल. देशांतर्गत उड्डाणांची क्रेडिट अंतरानुसार आणि भाड्याच्या प्रकारानुसार ठरतात. सिडनी ते मेलबर्न हे अंतर ७५० मैलांच्या आतले असल्यामुळे एका बाजूला स्वस्त इकॉनॉमीत १०, लवचीक इकॉनॉमीत २० आणि बिझनेसमध्ये ४० क्रेडिट मिळतात. सिडनी ते पर्थ या लांबच्या उड्डाणाला हेच आकडे २०, ४० आणि ८० असे आहेत. म्हणजे पर्थची बिझनेसमधली जाऊन-येऊन फेरी १६० क्रेडिटची होते आणि ऑफरमध्ये ३२०. सिल्व्हरसाठी लागणारा ३०० चा आकडा एका फेरीत पार होतो, पण उड्डाणे दोनच झालेली असतात. आणखी दोन पात्र उड्डाणे होईपर्यंत दर्जा अडून राहतो. तीच व्यक्ती सिडनी-मेलबर्न मार्गावर केवळ स्वस्त इकॉनॉमीने फिरत असेल, तर गोल्डचे ७०० क्रेडिट गाठायला एरवी ७० उड्डाणे लागतील आणि सर्वच्या सर्व ऑफरमध्ये बसली तरी ३५ लागतील. दुप्पट झाले तरी मूळ आकडा लहान असेल तर फार पल्ला गाठता येत नाही, हे पैसे भरण्यापूर्वी ध्यानात घ्यावे.

क्रेडिट प्रत्येक उड्डाणाला स्वतंत्र मिळतात, त्यामुळे थेट जाण्याऐवजी मध्ये थांबून गेल्यास बेरीज वाढू शकते. सिडनीहून पर्थला अ‍ॅडलेडमार्गे बिझनेसमध्ये गेल्यास पहिल्या टप्प्याची ४० आणि दुसऱ्याची ६० अशी १०० क्रेडिट होतात. थेट विमानाची ८० असतात. परतही त्याच मार्गाने आल्यास ऑफरमध्ये ती ४०० होतात आणि चार उड्डाणांची अटही त्याच फेरीत पूर्ण होते. यात वेळ जास्त जातो आणि भाडेही बहुतेकदा वाढते. ज्यांना तेथे जायचेच आहे त्यांनीच हा मार्ग धरावा. केवळ क्रेडिटसाठी विनाकारण फेरी मारण्याच्या मी विरोधात आहे.

नावाचा प्रश्न आपल्याकडे विशेष येतो, म्हणून तो सविस्तर पाहू. भारतीय पासपोर्टवर आडनाव एका रकान्यात असते आणि दुसऱ्या रकान्यात पुष्कळदा स्वतःच्या नावाला जोडून वडिलांचे किंवा नवऱ्याचे नाव छापलेले असते. सभासदत्व घेताना माणूस सवयीने फक्त नाव आणि आडनाव लिहितो, ट्रॅव्हल एजंट तिकीट पासपोर्टबरहुकूम काढतो, आणि दोन नावे जुळली नाहीत की प्रवास होऊनही क्रेडिट खात्यात येत नाहीत. लग्नानंतर पासपोर्टवरचे नाव बदललेल्या स्त्रियांच्या बाबतीत तर खाते माहेरच्या नावाने आणि तिकीट सासरच्या नावाने, असे अनेकदा घडते. यावर उपाय एकच आहे: ऑफरची वाट न पाहता खात्यातले नाव पासपोर्टप्रमाणे करून घ्यावे. त्यासाठी पासपोर्टच्या पहिल्या पानाची प्रत आणि नाव बदलले असल्यास विवाह प्रमाणपत्र किंवा नाव बदलल्याचे राजपत्र तयार ठेवावे. नाव-दुरुस्तीला दिवस लागतात आणि ऑफरची मुदत तेवढी नसते.

प्रवासाआधी तिकिटावर सभासद क्रमांक नोंदलेला आहे ना, हे तपासावे. एजंटाकडून तिकीट घेतले असेल तर तो बहुधा राहून गेलेला असतो. चेक-इनच्या वेळीही तो घालता येतो आणि बोर्डिंग पासवर तो छापून आलेला दिसतो. बोर्डिंग पास हातात येताच तेवढी एक ओळ पाहावी. फोनवरचा बोर्डिंग पास प्रवासानंतर अ‍ॅपमधून नाहीसा होऊ शकतो, म्हणून त्याचीही प्रतिमा काढून ठेवावी.

प्रवास झाल्यावर नेहमीची क्रेडिट आधी जमा होतात आणि ऑफरची जादा क्रेडिट वेगळ्या नोंदीने, काही वेळा काही आठवड्यांनी येतात. नियमांत दिलेला काळ उलटूनही ती आली नाहीत तर खात्यातून मागणी करता येते. त्या वेळी चार गोष्टी लागतात: नोंदणीचा स्क्रीनशॉट किंवा ईमेल, तिकीट काढल्याची तारीख दाखवणारी पावती, ई-तिकीट क्रमांक आणि बोर्डिंग पास. ई-तिकीट क्रमांक १३ अंकी असतो आणि क्वांटासने दिलेल्या तिकिटाचा क्रमांक ०८१ ने सुरू होतो. सहा अक्षरांचा बुकिंग संदर्भ म्हणजे तो नव्हे. अशी मागणी करण्यालाही कालमर्यादा असते, त्यामुळे ‘पुढच्या सुट्टीत बघू’ असे म्हणत ती लांबवू नये.

मिळालेला दर्जा चालू सभासद-वर्षाचा उरलेला काळ आणि पुढचे पूर्ण वर्ष टिकतो. म्हणून वर्षाच्या सुरुवातीच्या महिन्यांत गोल्ड झालेल्याला जवळजवळ दोन वर्षे लाभ मिळतो, तर शेवटच्या महिन्यात झालेल्याला एक वर्ष आणि काही दिवस. गोल्ड म्हणजे वनवर्ल्डमधला सफायर दर्जा. त्यामुळे मुंबईहून मलेशिया एअरलाइन्सच्या इकॉनॉमीत बसणाऱ्या सभासदालाही चेक-इनला बिझनेसच्या रांगेत उभे राहता येते आणि लाउंजमध्ये त्याच विमानाने निघालेला एक पाहुणा सोबत नेता येतो. आई किंवा वडिलांना घेऊन मध्यरात्रीच्या विमानाने निघायचे असेल, तेव्हा हा एक पाहुणा कोण असेल हे निराळे सांगायला नको.