ड्रम पॅड उघडण्याआधी एवढं वाचा

'पॅड वाजत नाही' म्हणून आमच्याकडे दुरुस्तीला येणारे इलेक्ट्रॉनिक ड्रमचे बरेचसे संच धडधाकट असतात. काही मात्र घरी उघडून झालेले असतात, आणि ते खरोखरच बिघडलेले असतात. रबराखाली नाण्यासारखी पायझोची, म्हणजे फटका ओळखणाऱ्या सेन्सरची, चकती असते, तिला डाख दिलेली तार अगदी बारीक. झाकण उचकटताना तीच तुटते. तेव्हा स्क्रू ड्रायव्हर जरा बाजूला ठेवा.

मिडी म्हणजे वाद्य आणि संगणक यांच्यातली संदेशांची भाषा. पॅडमधून मिडीवाटे आवाज जातच नाही. जातो तो नोटचा नंबर आणि फटक्याचा जोर, 1 ते 127. आवाज काढतं सॉफ्टवेअर. जनरल मिडीत, म्हणजे या नंबरांच्या ठरलेल्या यादीत, किक (पायाने वाजवायचा मोठा ड्रम) 36, स्नेअर 38, बंद हाय-हॅट 42, उघडा 46. तुमचा स्नेअर 31 पाठवत असेल आणि सॉफ्टवेअरमध्ये 31 वर काहीच बसवलेलं नसेल, तर कितीही बडवा, शांतता. मिडी मॉनिटर (आलेले नंबर दाखवणारा प्रोग्रॅम) उघडून एक फटका मारा. नंबर उमटला ना? मग पॅड जिवंत आहे, मॅपिंग, म्हणजे कोणत्या नंबरला कोणता आवाज हे, सॉफ्टवेअरमध्ये बदला.

व्हिडिओ गेमबरोबर येणाऱ्या ड्रमची गोष्ट वेगळी. यूएसबी लावूनही ते सहसा मिडीच्या यादीत दिसत नाहीत, कारण संगणकाच्या लेखी ती गेमची बटणं. बटणाची नोट करणारा प्रोग्रॅम आणि ती नोट सॉफ्टवेअरपर्यंत नेणारा व्हर्च्युअल मिडी पोर्ट (संगणकातलंच आभासी सॉकेट) मध्ये लागतोच. 2008 च्या 'गिटार हीरो वर्ल्ड टूर'च्या ड्रमवर मिडीचं गोल सॉकेट पाहून लोक हरखतात, पण ते 'इन' आहे, संदेश आत घेणारं. बाहेरचा इलेक्ट्रॉनिक ड्रम गेमला जोडण्यासाठी दिलेलं.

काठी आधी आणि आवाज मागून येत असेल तर सॉफ्टवेअरमधला बफर, म्हणजे आवाजाचे किती तुकडे (सॅम्पल) साठवून मग पुढे जातात ते, पाहा. 44,100 सॅम्पल रेटला (सेकंदाला 44,100 सॅम्पल) 1024 चा बफर म्हणजे सुमारे 23 मिलिसेकंदांचा उशीर, 128 चा जेमतेम 3. विंडोजवर एएसआयओ (हा उशीर कमी ठेवणारा आवाजाचा) ड्रायव्हर वापरा.

बिघाड निघाला नाही तरी तपासणीचे पैसे का, असं विचारलं जातं. अहो, प्रत्येक पॅड हलक्या आणि जोराच्या फटक्यांनी वाजवून, त्याचा नंबर टिपून आम्ही तक्ता हातात देतो. वेळ त्यातच जातो. आमच्याकडून घेतलेल्या संचाबरोबर हा तक्ता आणि मॅपिंगची फाइल आधीच मिळते, त्यामुळे ते ग्राहक सहसा फक्त काठ्या घ्यायला येतात.

संच आणताना अडॅप्टर, यूएसबी केबल आणि किकचा पेडलही आणा. निम्म्या वेळा दोष केबलमध्येच सापडतो.