‘भूराजनीती’ हा शब्द नाझींनी घडवलेला नाही
‘भूराजनीती’, म्हणजे भूगोल आणि राजकारण यांच्या संबंधांचा विचार, ही संज्ञा जर्मनीचे भूगोलतज्ज्ञ कार्ल हाउसहोफर यांनी नाझी राजवटीसाठी घडवली, हा समज वर्षानुवर्षे प्रचलित असला तरी तो चुकीचा आहे. स्वीडनचे राज्यशास्त्रज्ञ रुडोल्फ चेलेन यांनी ती १८९९ मध्येच वापरली होती. गोथेनबर्गमध्ये दीर्घकाळ अध्यापन केलेले, संसदेचे सदस्य राहिलेले आणि १९१६ पासून उप्साला विद्यापीठात प्राध्यापक असलेले चेलेन १९२२ मध्ये वारले. नाझी सत्तेवर आले ते १९३३ मध्ये. चेलेन पुराणमतवादी व जर्मनीचे चाहते होते आणि हाउसहोफर यांनी त्यांच्याकडून बरेच उचलले, हे मात्र लपवू नये. तथापि चेलेन यांच्या मांडणीत भूप्रदेश हे राज्याच्या पाच अंगांपैकी केवळ एक होते. लोकसंख्या, अर्थकारण, समाज आणि शासन ही उरलेली चार अंगे पुढे जवळपास विस्मरणात गेली.