‘दोन मे’ या मूकपटामागचं माद्रिद

होसे बुक्स यांनी १९२७ साली ‘एल दोस दे मायो’ हा मूकपट काढला, तेव्हा स्पॅनिश प्रेक्षकाला वेगळं काही सांगावं लागलं नसणार. दोन मे म्हटलं की साल १८०८ आणि शहर माद्रिद. आपल्याला मात्र थोडं मागे जावं लागतं.

पोर्तुगालवर स्वारी करायची म्हणून नेपोलियनने १८०७ च्या ऑक्टोबरमध्ये स्पेनशी करार करून वाट मिळवली. पुढे झालं ते भटाला दिली ओसरी या चालीवर. १८०८ च्या मार्चमध्ये आरान्हुएथ गावी दंगा होऊन स्पेनचा राजा चौथा कार्लोस पायउतार झाला, मुलगा सातवा फेर्नांदो गादीवर आला. नेपोलियनने बापलेक दोघांनाही सीमेपलीकडे बायोनला बोलावून घेतलं. माद्रिदमध्ये उरला नेपोलियनचा सेनापती मार्शल म्युरा आणि त्याची फौज.

२ मेच्या सकाळी राजवाड्यासमोर गाड्या लागल्या. कार्लोसचा धाकटा मुलगा फ्रान्सिस्को यालाही नेणार हे कळताच जमाव आडवा आला, फ्रेंचांनी गोळ्या झाडल्या आणि शहर उठलं. पुएर्ता देल सोलमध्ये लोक सुरे घेऊन फ्रेंच फौजेतल्या मामलुक (इजिप्तकडून आणलेल्या) घोडेस्वारांवर तुटून पडले. चित्रकार गोयाने १८१४ मध्ये रंगवलं ते हेच. स्पॅनिश सैन्याला बराकीबाहेर पडायची मनाई होती. मोन्तेलेओनच्या तोफखान्यात दाओइथ आणि वेलार्दे या दोन कॅप्टनांनी तो हुकूम मोडून लोकांना हत्यारं दिली. दोघांनीही त्याच दिवशी जीव गमावला. रात्री धरपकड झाली, हत्यार सापडलेल्यांना पहाटेपर्यंत गोळ्या घातल्या. मानुएला मालासान्या या शिवणकाम करणाऱ्या पोरीकडे कात्री निघाली, तेवढ्यावरून तिला मारलं, असं सांगतात.

यातून पेटलेलं युद्ध १८१४ पर्यंत चाललं. गनिमी काव्याला आपण सर्रास ‘गुरिल्ला’ म्हणतो, तो शब्द युरोपभर झाला तो याच युद्धातून. आणि तिथे इंग्रज फौजेचं नेतृत्व करणारा वेलस्ली म्हणजे १८०३ मध्ये जालन्याजवळ असईला मराठ्यांशी लढलेलाच.

ज्याच्यासाठी हे सगळं झालं, त्या फेर्नांदोने चारच दिवसांत बायोनला मुकुट सोडला. १८१४ मध्ये परतला तो त्याच्या गैरहजेरीत कादिथ शहरात झालेली राज्यघटना रद्द करतच. मोन्तेलेओनची कमान आजही उभी आहे, खाली दोन कॅप्टनांचा पुतळा. आजूबाजूच्या वस्तीला मात्र त्या कात्रीवाल्या पोरीचं नाव आहे: मालासान्या.