सड्यावरची उलटी पिचकारी

परवा आमच्या गल्लीच्या ग्रुपवर एक व्हिडिओ आला. चांदोलीच्या जंगलात म्हणे माणूस गिळणारं झाड सापडलंय. खाली लगेच कुणीतरी लिहिलं, 'पोरांना तिकडं नेऊ नका.' त्यात खरं एवढंच, की चांदोलीच्या सड्यांवर कीटकभक्षी वनस्पती आहेत. त्यातली माझी लाडकी म्हणजे 'सीतेची आसवं'; तिचा घास मोहरीएवढाही नसतो.

चांदोली २००४ साली राष्ट्रीय उद्यान झालं, २०१० मध्ये सह्याद्री व्याघ्र प्रकल्पात गेलं आणि २०१२ मध्ये कोयना, कास, राधानगरीसोबत जागतिक वारसा यादीत आलं. गवा नि वाघ यांचं कौतुक करायला माणसं पुष्कळ आहेत. मी सड्याकडे वळतो.

सडा म्हणजे जांभ्याचं पठार. लाखो वर्षांच्या पावसानं काळ्या बेसॉल्टमधली सिलिका नि क्षार धुऊन नेले, मागे लोह आणि ॲल्युमिनियमची ऑक्साइडं उरली. वर बोटभर माती. तिच्यातला नायट्रोजन पाण्याबरोबर वाहून जातो, फॉस्फरस लोहाला चिकटून बसतो. पावसाळ्यात पाणी रग्गड, खताचा मात्र दुष्काळ.

अशा जागी सीतेची आसवं फुलतात. शास्त्रीय नाव युट्रिक्युलारिया. पन्हाळ्याजवळच्या मसाई पठारावरही सप्टेंबरात त्यांचा निळा-जांभळा गालिचा असतो. लोक फुलांचे फोटो काढून परततात, पण खरा कारभार चिखलाखाली चालतो. या झाडाला मुळंच नाहीत. दोऱ्यासारख्या फांद्यांना बारीक पिशव्या लागलेल्या असतात, मिलिमीटरभर किंवा त्याहून लहान.

डोळ्यात औषध घालायचा ड्रॉपर आठवा. रबर दाबून धरलं की ते सोडायची वाट बघत ताणलेलं असतं. ही पिशवी स्वतःला तशीच दाबून घेते, बाहेरून नव्हे तर आतून. तिच्या ग्रंथी आतलं पाणी बाहेर उपसतात, आतला दाब कमी होतो, भिंती आत खचतात. तोंडावरचं दार बाहेरच्या बाजूला फुगीर असतं, घुमटासारखं, म्हणून ते दाब पेलतं. दाराजवळ काही केस असतात. एखादा सूक्ष्म जीव त्यांना घासला की घुमटाचा बाक उलटतो. बाक गेला की ताकदही गेली. दार आत कोसळतं, भिंती फटकन पूर्ववत होतात, पाणी शिकारीसकट आत खेचलं जातं आणि दार पुन्हा बंद. पाण्यात वाढणाऱ्या जातींवर वेगवान कॅमेऱ्यानं मोजलंय: आत ओढलं जायला एक मिलिसेकंदही लागत नाही, आणि पाण्याचं त्वरण, म्हणजे वेग वाढण्याचा दर, गुरुत्वाकर्षणाच्या सुमारे ६०० पट असतं. आपली पापणी लवायला याच्या शंभर पटींहून जास्त वेळ लागतो. वनस्पती हलत नाहीत, असं शाळेत घोकलेलं इथं विसरावं.

मग पाचकरस सुटतात, जीव विरघळतो, नायट्रोजन-फॉस्फरस झाडाला मिळतो. उपसा पुन्हा सुरू. पिशवी परत ताणायला साधारण अर्धा तास जातो.

गंमत म्हणजे कित्येकदा केसांना कुणीही शिवलेलं नसतं. उपसा चालूच राहतो, दाराला ताण सोसत नाही, आणि पिचकारी आपसूक सुटते. आत येतं ते नुसतं पाणी.